पन्नास पैशांचा बांध

निवृत्त तलाठी गराडे भाऊसाहेब भाताच्या बांधावर उभे होते. पूर्ण पीक म्हणजे रुपया. पन्नास पैशांच्या आत उतरलं, तरच गावाला सरकारी सवलत. आज पिकाचा हा पैशांतला अंदाज, म्हणजे पैसेवारी, नव्या तलाठी बबिताला तहसील कचेरीत कळवायची होती. शेजारी उभ्या असलेल्या तिच्या हातातल्या उपग्रहाच्या फोटोत सगळा शिवार हिरवागार दिसत होता. फोटोला काय, वरून सगळंच हिरवं.

भाऊसाहेबांना बबिताचा आजा शिदू आठवला. वीस वर्षांपूर्वी याच बांधावर त्याने लोंबी तळहातावर चोळून फुंकर मारली होती. निम्मे दाणे पोचट, उडून गेले.

"किती पैसे लिहू?" भाऊसाहेबांनी विचारलं होतं.

"मला न्हाई ठावं. अजून चार खाचरं बघू," म्हणत शिदूने त्यांना भर उन्हात डोंगराच्या पायथ्यापर्यंत फिरवलं. पुढे नोकरीत आकडे सांगणारे पुष्कळ भेटले. ठाऊक नाही म्हणणारा तो एकटाच.

"भाऊसाहेब, तुम्हीच सांगा," आता बबिता म्हणाली, "पन्नासच्या आत की वर?"

आकडा ओठांवर आला होता. तो त्यांनी गिळला.

"मला न्हाई ठावं," म्हणत त्यांनी वहाणा काढल्या आणि ते पलीकडच्या खाचरात उतरले.