फुकटचे हात

रोपांना वेढणाऱ्या रानवेलीचं मूळ सुटता सुटेना, तेव्हा सिस्टरांनी गुडघे टेकले आणि दोन्ही हातांनी ओढ घेतली. मूळ निघालं ते मातीच्या ढेकळासकट. इस्पितळातून निवृत्त झाल्यापासून त्या तळ्याकाठच्या या उद्यानात विनामोबदला काम करायला येत. त्यांना अजूनही सगळे सिस्टरच म्हणत. वेल कुठे धरायची, रोपाला धक्का न लावता कशी सोडवायची, हे त्यांना इथल्या माळ्याने शिकवलं होतं.

चहाच्या वेळी उद्यानाचे साहेब स्वतः काठावर आले. स्वयंसेवकांच्या वर्षभराच्या कामाची त्यांनी किंमत काढली होती. हेच काम मजूर लावून केलं असतं तर किती खर्च आला असता, त्याचा हिशेब. आकडा ऐकून सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सिस्टरांनीही वाजवल्या. रिकाम्या घरात बसून राहण्यापेक्षा आपण कुणाच्या तरी उपयोगी पडतोय, हे कुणीतरी मोजून सांगितलं होतं.

माळी तेवढा बाजूला अवजारं धूत बसला होता. सिस्टर खुरपं परत द्यायला गेल्या, तेव्हा तो मान वर न करता म्हणाला,

"महिनाअखेरपर्यंतच आहे मी. वरून विचारणा झाली म्हणे, एवढं काम फुकटात होतंय तर माळी कशाला?"

सिस्टर तशाच साहेबांच्या खोलीत गेल्या. साहेब काही वाईट माणूस नव्हते. उद्यानाच्या पदरात चार पैसे जास्त पडावेत म्हणून आकडा वर पाठवला, तो असा उलटेल असं वाटलं नव्हतं, असं ते टेबलाकडे बघत म्हणाले.

"मग उद्यापासून मी कामाला येणार नाही."

"तुमच्यावाचून रोपं जगायची नाहीत, सिस्टर."

"तेही वर कळवा."

त्या आल्या, पण तिकीट काढून. इतर पाहुण्यांसारख्या बाकावर बसू लागल्या. बरोबरच्या काहींनी काम सोडलं, काहींनी त्यांनाच नावं ठेवली. माळ्याची नोकरी गेली ती गेलीच. वेल मात्र माजली. सिस्टरांनी लावलेल्या रोपांचे शेंडे तिच्या ओझ्याने मातीला टेकले. त्यांचे हात शिवशिवत. मग त्या ते मांडीखाली दाबून बसत.

एका सुट्टीच्या दिवशी माळी आला. त्याला बंगल्यांच्या एका वसाहतीत हिरवळ कापायचं काम मिळालं होतं. बाकावर शेजारी बसून त्याने सिस्टरांच्या गुडघ्यांची चौकशी केली. बोलता बोलता त्याची नजर काठाकडे गेली. मग उठून त्याने बाह्या वर सारल्या.

"हात लावू नका," सिस्टर म्हणाल्या. "तुमच्यासाठीच बसलेय मी अशी."

"ठाऊक आहे मला," तो वाकत म्हणाला. "पण ही मरतायत."

सिस्टरांनी मांडीखालचे हात बाहेर काढले. मग चप्पल काढून त्याही खाली उतरल्या. दोघं शेजारी शेजारी काम करू लागली.

फाटकावरचा पहारेकरी लगबगीने येताना दिसला, तेव्हा तो हटकणार असं दोघांनाही वाटलं. त्याने माळ्यापुढे हिरवी टोपी धरली, नव्या स्वयंसेवकांना देतात ती.

"साहेबांनी खिडकीतून बघितलं," तो म्हणाला. "त्यांनीच पाठवलीय."

माळ्याने टोपी उलटसुलट करून पाहिली. सिस्टर त्याच्याकडे बघत होत्या. ऊन कडक होतं. त्याने ती डोक्यावर घातली.