आगपेटीएवढा हात

अनुसयेने नवस बोलला होता तो असा : आम्हाला आमचं क्वार्टर मिळू दे, मग पहिल्याच वर्षी महालक्ष्म्या माझ्या घरी बसवीन. बोलली तुळशीपुढे, ओठातल्या ओठात. ज्यांनी ऐकायचं त्यांना मोठ्याने सांगावं लागत नाही, असं तिला वाटे. आणि तसंच झालं. चैत्रात केशवला कोराडीच्या वीज केंद्राच्या कॉलनीत दोन खोल्यांचं क्वार्टर मिळालं. आता अडचण देवीची उरली नव्हती, सासूची होती.

तांडापेठेतल्या घरात महालक्ष्म्या थोरल्या जावेच्या, चंद्रकलेच्या हातून बसत. सात वर्षं अनुसयेने तिथे सोळा भाज्या चिरल्या, पुरण वाटलं, आंबील ढवळली. तिची काही तक्रार नव्हती. एकदाच आपल्या उंबऱ्यातून, आपल्या हाताने त्यांना आत आणायचं होतं, एवढंच. चंद्रकला तर उलट खूश झाली. ‘‘ने वं बाई. एखाद्या वर्षी मले बी पाहुणी होऊन आयतं जेवू दे!’’

पण सासूबाई, मैनाबाई, ऐकेनात.

‘‘त्या डब्बीत माह्या महालक्ष्म्या कुठं उभ्या राहतीन?’’ त्या म्हणाल्या. ‘‘मखर केवढं आहे, ठाऊक आहे ना तुले?’’

मखर मोठं होतं हे खरं. चार बांबू, त्यावर आडवा सागवानी रूळ आणि रुळावरून सोडलेलं जरीकाठी लुगडं. रूळ सासऱ्यांच्या, ईश्वरदासांच्या हातमागाचा होता. तीस वर्षं विणलेलं कापड त्यांनी त्यावर गुंडाळलं होतं. माग मोडला तेव्हा बाकीचं लाकूड कुठे कुठे गेलं, रूळ मात्र देवीच्या डोक्यावर गेला. लुगडंही त्यांनीच विणलेलं, शेवटचं.

ईश्वरदास खाटेवर सुपारी कातरत बसले होते. ते म्हणाले, ‘‘भांडून कायले राहिल्या? मांडून पाहू ना. अनुसये, तू खोली मोजून आण. इथलं सामान मी मोजतो.’’

विणकराच्या घरात टेप कधी नव्हती. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत तो हात, चोवीस बोटांचा. अठरा हातांचं लुगडं मोजण्यात ज्यांचा जन्म गेला, त्यांना खोली मोजायला आणखी काय लागतं? अनुसयेने कोराडीला जाऊन भिंतीला हात लावत लावत खोली मोजली. आकडे विसरू नयेत म्हणून बसमध्ये जपमाळेच्या मण्यांवर घोकत आली.

मग ईश्वरदासांनी लुगड्याचं एक रिकामं खोकं घेतलं आणि कायदा केला : एक हात म्हणजे एक आगपेटी. त्या मापाने खोक्यात भिंती उभ्या राहिल्या, दारं कापली गेली. पुठ्ठ्याचा तख्तपोस झाला, साबणाच्या वेष्टनाचं कपाट झालं, ट्रंक झाली. रुळासाठी खराट्याची काडी, चार आगपेट्या लांब. चार बांबूंसाठी काडीचेच तुकडे, आणि माणसं म्हणजे चिंचोके; उंची तेवढी एकमेकांच्या मानाने. सगळ्यात जाडा मैनाबाईंचा, सगळ्यात बारका अनुसयेचा.

‘‘मी एवढी जाडी आहो काय?’’ मैनाबाईंनी विचारलं.

‘‘याच्याहून मोठा चिंचोका भेटलाच नाही,’’ ईश्वरदास शांतपणे म्हणाले.

आठ दिवस घरात दुसरं काही सुचलं नाही. मैनाबाई नको नको म्हणत येत आणि बोटाने कपाट सरकवून जात. अंघोळ होऊन पोथीला बसायच्या आधी एक फेरी, पोथी झाल्यावर दुसरी. कपाट खिडकीपुढे गेलं, परत आलं. ट्रंक तख्तपोसाखाली शिरली. एकदा तर त्यांनी कात्री घेऊन तख्तपोसच अर्धा कापला.

‘‘अगे, हे काय करून राहिली?’’ ईश्वरदासांनी विचारलं.

‘‘लहान केला. आता बसते पहा मखर, ऐसपैस.’’

‘‘खोक्यात जे कापलं ते घरात बी आरीनं कापा लागीन. केशव काय पाय बाहेर काढून झोपीन?’’

मैनाबाईंनी निमूटपणे लेईने तख्तपोस जोडून दिला. खोक्यात खोटेपणा करायचा नाही, हा त्या खेळाचा दुसरा कायदा ठरला.

शेवटी जागा सापडली. देवींचं तोंड पूर्वेला हवं, म्हणजे पाठ पश्चिमेच्या भिंतीला. त्या भिंतीत एका टोकाला स्वयंपाकघराचं दार. दारापासून कोपऱ्यापर्यंत अनुसयेच्या मोजणीने चार हात चार बोटं. रूळ चार हातांचा. खराट्याची काडी तिथे टेकवली तर ज्वारीचे दोन दाणे मावतील एवढी जागा वर उरली. मैनाबाईंनी तीन बाजूंनी वाकून पाहिलं. पोथीचा चष्मा मागवून परत पाहिलं.

‘‘बसते,’’ त्या म्हणाल्या. आणि अनुसयेने स्वयंपाकघरात जाऊन डोळे पुसले.

महालक्ष्म्या यायच्या आदल्या दिवशी सगळा लवाजमा कोराडीच्या बसने निघाला. मुखवट्यांची पेटी मैनाबाईंच्या मांडीवर, खोकं ईश्वरदासांच्या मांडीवर, रूळ टपावर. कंडक्टर म्हणाला, ‘‘बाबाजी, तोफ घेऊन कुठं चालले?’’

‘‘सुनेच्या घरावर चढाई आहे गा,’’ ईश्वरदास म्हणाले.

घरचं सामान घेऊन दोन दिवस आधीच पुढे आलेल्या अनुसयेने अंगणात सडा घालून ठेवला होता. वीज केंद्रातून उडून येणारी राख सकाळपासून दोनदा पुसून झाली होती. उंबऱ्यापासून भिंतीपर्यंत कुंकवाची पावलं काढायची तेवढी राहिली होती. केशव पहिल्या पाळीवरून आला तो हात धुऊन लगेच बांबू बांधायला लागला. आणि रूळ वर चढवला तर तो बसेना.

कोपऱ्यात एक टोक टेकवलं की दुसरं टोक स्वयंपाकघराच्या दारात येई. चांगलं बारा बोटं. आधीच दार अरुंद. त्यांनी रूळ उलटा केला, जसा काही त्याने तो आखूड होणार होता. मग लक्षात आलं की तख्तपोसही बसत नाही. तो ओसरीत नेऊन टाकला. पण रुळाचं काय?

‘‘मी म्हणलं होतं,’’ मैनाबाई ट्रंकेवर बसत म्हणाल्या. ‘‘आठ दिवसांपासून म्हणून राहिली. चला, संध्याकाळची बस भेटते अजून. महालक्ष्म्या उद्या तांडापेठेतच येतीन.’’

अनुसया भिंतीपाशी उभी होती. तिने कोपर भिंतीला लावलं आणि पुन्हा मोजलं. एक, दोन, तीन, चार, वर चार बोटं. बरोबर होतं.

‘‘मामाजी, तुम्ही मोजून पहा ना.’’

ईश्वरदासांनी हात लावला. साडेतीन झाले आणि भिंत संपली.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. मग ईश्वरदासांनी आपला हात तिच्या हाताशेजारी धरला, कोपराला कोपर. सासऱ्याची बोटं सुनेच्या बोटांच्या पुढे गेली, पुरती चार बोटं.

‘‘घ्या!’’ ईश्वरदास हसायला लागले. ‘‘खोली तुह्या हातानं मोजली अन् सामान माह्या हातानं. अन् दोघांले एकच आगपेटी लावली!’’

‘‘हसता काय?’’ मैनाबाई कडाडल्या. ‘‘अन् तुह्या हाताले काय झालं वं? लहानपणी जेवली नाही काय?’’

‘‘माय, तिची उंची पाहून करून आणली ना तूच,’’ केशव म्हणाला. ‘‘थांबा. शेजारच्या सिंधूताईकडे आरी आहे. बारा बोटं कापून टाकतो, काम खतम.’’

ईश्वरदासांनी रुळावरून हात फिरवला. मधोमध तो गुळगुळीत होता, कपाळासारखा. मग ते म्हणाले, ‘‘काप. देवीपेक्षा लाकूड मोठं आहे काय?’’ आणि खिडकीतून बाहेर वीज केंद्राच्या चिमण्यांकडे पाहू लागले. त्या चिमण्यांमधून धूर नेहमीसारखाच निघत होता.

आपला नवस त्यांच्या रुळाच्या जिवावर फिटावा, हे अनुसयेला सोसवेना. आणि न फिटता रूळ परत जावा, हेही. ती खोक्यापाशी खाली बसली. कात्रीने पश्चिमेच्या भिंतीचा अर्ध्या आगपेटीहून जास्त तुकडा कमी केला, खरी खोली होईतोवर. दाराचा पुठ्ठा आत सरकवला. मग खराट्याची काडी होती तशी ठेवली, न मोडता. टोक दारात आलं. तिने काडीखालचे दोन बांबू आत ओढून घेतले, म्हणजे दारात खाली काही उरलं नाही. वर तेवढं काडीचं टोक.

‘‘हे काय करून राहिली?’’ मैनाबाईंनी विचारलं.

अनुसयेने बारका चिंचोका घेतला, उभा धरला आणि स्वयंपाकघरातून दारातून बाहेर चालवत आणला. काडीखालून तो सरळ निघाला. डोक्यावर थोडी जागासुद्धा राहिली.

मग तिने मैनाबाईंचा जाडा चिंचोका घेतला. तो काडीला अडला. तिने तो जरा पुढे झुकवला आणि पलीकडे नेला.

‘‘दारात देवी उभ्या आहेत, आत्याबाई,’’ ती हळूच म्हणाली. ‘‘आत-बाहेर करताना ज्याले त्याले वाका लागीन. त्यात बिघडलं काय?’’

ईश्वरदास खिडकीतून वळले. केशव आरी आणायला निघाला होता तो दारातच थांबला. मैनाबाईंनी खोक्यातल्या आपल्या चिंचोक्याकडे बराच वेळ पाहिलं.

‘‘अन् तू वाकशीन नाही?’’

‘‘मले तर जागा आहे,’’ अनुसया म्हणाली, आणि लगेच जीभ चावली.

मैनाबाईंच्या तोंडाचा आधी चंबू झाला, मग तो सुटला. हसताना त्यांना ठसका लागला, पाणी द्यावं लागलं. ‘‘बांध रे केशव,’’ त्या पदराने डोळे टिपत म्हणाल्या. ‘‘बुटकीनं हिशोब बरोबर लावला!’’

दुसऱ्या दिवशी कुंकवाच्या पावलांवरून, थाळीच्या आवाजात, अनुसयेने महालक्ष्म्या उंबऱ्यातून आत आणल्या. तिसऱ्या दिवशी महाप्रसादाला निम्मी कॉलनी आली. सिंधूताई उंच, त्यांच्या कपाळाला रूळ दोनदा लागला. तिसऱ्यांदा त्या दारापर्यंत हात जोडूनच आल्या. चंद्रकला आयतं जेवायला म्हणून आली आणि सकाळपासून पुरण वाटत होती, जाता-येता वाकत. मैनाबाईंचे गुडघे दर वेळी कटकन वाजत आणि दर वेळी त्या ‘‘माय वं’’ म्हणत. देवीला म्हणत होत्या की गुडघ्यांना, ते कळत नव्हतं. एकटी अनुसया दोन्ही हातांत नैवेद्याचं ताट घेऊन ताठ येत होती. जरीचा काठ तिच्या केसांना जेमतेम शिवे. ताटातली आंबील एकदाही हिंदकळली नाही.

आरती झाल्यावर तिनेही दारात येऊन मान वाकवली. गरज नव्हती. कोणाचं लक्षही नव्हतं.

विसर्जन झालं आणि निघायची वेळ आली. मुखवट्यांची पेटी मैनाबाईंच्या मांडीवर परत जायला तयार झाली. केशव रुळाला दोरी बांधू लागला.

‘‘तो राहू दे,’’ मैनाबाई म्हणाल्या.

‘‘काहून?’’

‘‘बसवर चढवाले लय त्रास होते.’’

‘‘येताना झाला नाही काय त्रास?’’ ईश्वरदासांनी विचारलं.

‘‘तुमची तोफ आहे, इथंच ठेवा. पुढच्या वर्षी पुन्हा कोण आणीन?’’

अनुसया वाकून सासूच्या पाया पडली. मैनाबाईंनी तिचा हात धरून उठवलं, तो कोपरापासून बोटांपर्यंत उलटा-सुलटा करून पाहिला आणि म्हणाल्या, ‘‘लहान आहे. पण पुरते.’’