तीन मतं आणि एक्केचाळीस जोड्या

स्ट्रॅथओरन नावाचा मतदारसंघ आता कुठल्याच नकाशात सापडत नाही. त्र्याऐंशी साली सरकारने त्याचे तीन तुकडे केले आणि शेजारच्या तीन मतदारसंघांना वाटून टाकले. इथे मेंढ्या माणसांच्या वीसपट आणि मेंढ्यांना मताचा अधिकार नाही, एवढं कारण पुरेसं झालं. मतदारसंघ गेला म्हणून कुणी उपाशी झोपलं नाही. फक्त मर्डो गिलीसला तेवढं लागलं. ज्या आखाड्यात चार वेळा पाठ टेकली, तो आखाडाच कुणी नांगरून टाकला तर पैलवानाने दाद मागायची कुठे?

मर्डो जनावरांचा डॉक्टर. उमेदवारी हा त्याचा जोडधंदा, आणि तोही कायम तोट्यातला. सत्तर साली लिबरल पक्षाकडून तो पहिल्यांदा उभा राहिला तेव्हा डिपॉझिट जप्त झालं. चौऱ्याहत्तरच्या फेब्रुवारीत तो तीन हजारांनी पडला आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात चौदाशेंनी. मग एकोणऐंशी साली, मे महिन्यात, तो तीन मतांनी पडला. तीनशे नव्हे, तीन. दोनदा फेरमोजणी झाली, दोन्ही वेळा तीनच भरली, आणि ज्यांच्या आजोबा-पणजोबांपासून ही जागा घरचीच होती ते कर्नलसाहेब पुन्हा लंडनला गेले.

"प्रत्येक निवडणुकीत मी प्रगतीच करत होतो," मर्डो लोकांना सांगायचा. "आणखी दोनचार मिळाल्या असत्या तर नक्की बरोबरीत सुटलो असतो."

हे तो हसत सांगायचा. पण त्या तीन मतांचं नाव निघालं की त्याचं हसू आटायचं, कारण त्या तीन मतांचं खापर त्याने एका माणसाच्या डोक्यावर फोडून ठेवलं होतं. तो माणूस म्हणजे डूगल, त्याचा लहानपणापासूनचा मित्र, निवडणुकीतला उजवा हात आणि बायकोचा सख्खा भाऊ. मतदानाच्या दिवशी दरीच्या वरच्या टोकाच्या चार पक्क्या लिबरल मतदारांना व्हॅनमधून आणायचं काम डूगलकडे होतं. वाटेत त्याला रस्त्याकडेला विताना अडलेली एक मेंढी दिसली. हा बाबा व्हॅन थांबवून खाली उतरला, बाह्या सारल्या आणि तिला मोकळी करत बसला. मतदान होतं त्या शाळेच्या दारात पोचला तेव्हा मतदान बंद होऊन दहा मिनिटं झाली होती. चार मतं हुकली आणि मर्डो तीन मतांनी पडला. मर्डोने त्याला दुसऱ्या दिवशी भर चौकात 'घातकी' म्हटलं, आणि तेव्हापासून चाळीस वर्षं दोघांचं बोलणं बंद. चर्चमध्ये एक डावीकडे तर दुसरा उजवीकडे. वर्षअखेरीचं जेवण ईश्बल दोनदा रांधायची, एकदा नवऱ्यासाठी आणि एकदा भावासाठी. दोन्हीकडे तेच सूप आणि त्याच तक्रारी.

आणि आता गावाच्या हॉलची समिती मर्डोकडे आली. स्ट्रॅथओरनच्या निवडणुकांचा इतिहास लिहून द्या, छोटं पुस्तक काढू, शनिवारी दुपारी भाषणही ठेवू. मर्डोने वरवर आढेवेढे घेतले आणि त्याच संध्याकाळी लिहायला बसला.

महिन्याभराने ईश्बलने चष्मा लावून कागद चाळले.

"अठराशे बत्तीस ते एकोणीसशे सत्तर, पानं चार," ती म्हणाली. "सत्तर ते एकोणऐंशी, पानं एकसष्ट. हा इतिहास आहे की तुझा सत्कार?"

"मधल्या काळात काही घडलंच नाही त्याला मी काय करू?"

"आणि हे प्रकरण नऊ, 'घात'. यात डूगलचं नाव बावीस वेळा आलंय. मोजलंय मी."

"जे झालं ते लिहिलंय."

ईश्बलने कागद खाली ठेवले. "ऐक. चाळीस वर्षं मी दोन चुली सांभाळल्या, एका शब्दाने बोलले नाही. पण हे छापलंस ना, तर तो मरेल तरी त्याच्या नातवंडांच्या हातात हे राहील. मग मी एकच चूल सांभाळीन. भावाकडची."

ती असं कधी बोलत नसे. पण माघार घ्यायची सवय त्याला मतदारांनीसुद्धा लावली नव्हती. "पुरावा पक्का करतो आणि मग ठरवतो," तो म्हणाला, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी टोपी घालून एफीकडे गेला.

एफी ब्याण्णव वर्षांची, दरीच्या मध्यावर एकटी राहणारी. युद्धानंतर मतपेट्या जिच्यावरून आणत ती तट्टाणी तिच्या वडिलांची होती. पुरावा तर हवाच होता, शिवाय मर्डोला पहिल्या चार पानांत थोडी भर घालायची होती, म्हणजे बायकोला बोलायला जागा राहिली नसती. एफीने चहा ओतला, घरी भाजलेले स्कोन पुढे केले, लोणी पुढे केलं.

"एफीमावशी, त्या तट्टाणीचं नाव काय होतं?"

"लिबर्टी. आमच्या घरात दुसरं चालायचंच नाही. बाबा लिबरल, आई लिबरल, मी लिबरल. तट्टाणीला कुणी विचारलं नाही."

मर्डोचा स्कोन अर्ध्या वाटेत थांबला. "तू लिबरल?"

"जन्मापासून."

"पण एकोणऐंशी साली तुझ्या खिडकीत कर्नलचं निळं पोस्टर होतं!"

"काच फुटली होती रे. तुमचं पोस्टर पातळ कागदाचं. कर्नलचं चांगलं जाड पुठ्ठ्याचं. थंडी काय पक्ष बघून येते?"

मर्डोने कप खाली ठेवला. एकोणऐंशीचं मतदान तीन मेला होतं, ऐन मेंढ्या विण्याच्या दिवसांत. मतदानाची शाळा चौदा मैलांवर. गोठा सोडून अर्धा दिवस जायला कुणालाच परवडत नव्हतं. अशा वेळी या दरीत जोडी लावायची रीत होती. एक टोरी, म्हणजे कर्नलच्या पक्षाचा, आणि एक लिबरल, दोघांनी हातावर हात मारायचा आणि दोघांनीही घरीच राहायचं. मतं एकमेकांत फिटली, मेंढ्या वाचल्या. दिलेला शब्द कुणी मोडत नसे. त्या वसंतात मर्डो डॉक्टर म्हणून गोठ्यागोठ्यात फिरत होता आणि फिरता फिरता त्याने एक्केचाळीस जोड्या लावल्या होत्या. लाल वहीत लिहून ठेवल्या होत्या. स्वतःच्या या हुशारीवर त्याने आठवं प्रकरण खर्ची घातलं होतं.

"मी तुझी जोडी नॉर्मनशी लावली होती," तो हळूच म्हणाला. नॉर्मन, पलीकडच्या टेकडीवरचा, मर्डोचा हक्काचा मतदार.

"हो ना. आम्हाला दोघांनाही नवल वाटलं होतं."

"मग बोलली का नाहीस?"

"अरे, तुझा हात कोपरापर्यंत माझ्या मेंढीच्या पोटात होता! तू म्हणालास, 'एफी, तू कर्नलची, नॉर्मन आमचा, दोघांनी घरी राहा, फिटंफाट.' आणि इतका खूश दिसत होतास. म्हटलं डॉक्टरला आत्ता दुखवलं आणि त्याने हात काढून घेतला तर?" एफीने आणखी एक स्कोन त्याच्या बशीत टाकला. "शिवाय मी कुणाला मत देते हे मी नवऱ्यालासुद्धा सांगितलं नव्हतं, तर तुला काय सांगणार? इथे तसं कोण सांगतं? कर्नलचा तो धनगर, आर्ची, तोसुद्धा आयुष्यभर लिबरल होता. कर्नलने छपराला पत्रे दिले नाहीत म्हणून. सगळ्या दरीला माहीत होतं. तू आणि कर्नल सोडून."

मर्डो उठला, तिचे आभार मानले आणि घरी येईपर्यंत वाटेत हिशेब करत राहिला. एफी आणि नॉर्मन, दोन मतं. म्हणजे ही दोन मिळाली असती तरी एका मताने तो पडलाच असता. तेवढ्या एका मतापुरता डूगल घातकी उरत होता. बावीसऐवजी सात वेळा नाव टाकू, असं त्याने मनाशी ठरवलंही. मग घरी येऊन त्याने लाल वही काढली, कारण आर्चीचं नाव कुठेतरी वाचल्यासारखं वाटत होतं.

ते शेवटच्या पानावर होतं. एक्केचाळिसावी जोडी. त्याच्याच सुरेख अक्षरात लिहिलं होतं: आर्ची, आणि समोर, मी स्वतः.

त्याला सगळं आठवलं. मतदानाच्या दिवशी सकाळी आर्चीच्या गोठ्यात तीन मेंढ्या एकदम अडल्या होत्या. निघता येणार नाही म्हटल्यावर मर्डोनेच छाती फुगवून हात पुढे केला होता. 'आर्ची, तू कर्नलचा माणूस, मी उमेदवार. आपणच जोडी लावू. लोकांपुढे आदर्श राहील.' आर्चीने काहीतरी बोलायला तोंड उघडलं होतं. मर्डोने ते बोलू दिलं नव्हतं.

दोन आणि दोन चार. या चौघांनी मत दिलं असतं तर तो एका मताने निवडून आला असता. देशाच्या इतिहासात उमेदवार पुष्कळ पडले असतील, पण स्वतःच्या मतदारांना घरोघरी जाऊन, तेही फी न घेता, घरी बसवणारा आपण एकटेच असू, असं त्याला वाटलं. त्याला हसू आलं. मग ते हसू कुठेतरी मोडलं. त्याला डूगलची व्हॅन आठवली, आणि चौकात सगळ्यांसमोर खाली गेलेली त्याची मान. ईश्बल आत आली तेव्हा त्याने वही तिच्यापुढे धरली. तिने वाचलं, त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि शनिवारी घालायचा कोट इस्त्रीला काढला.

शनिवारी दुपारी हॉल भरला. चहा फुकट होता. ईश्बलने डूगलला कसं आणलं कोण जाणे, पण तो शेवटच्या रांगेत, दाराजवळ, गुडघ्यावर टोपी ठेवून बसला होता. पळून जायच्या तयारीनेच बसला होता म्हणा ना.

मर्डोने पहिली चार पानं वाचली. मग कागद बाजूला ठेवले.

"प्रकरण नऊ मी काल शेगडीत घातलं," तो म्हणाला. "त्यात खोटं होतं. एकोणऐंशी साली मला कुणी पाडलं हे मला या आठवड्यात कळलं. त्या माणसाने माझ्या दोन पक्क्या मतदारांना घरी बसवलं. मग आर्चीला घरी बसवलं. आणि शेवटी, मंडळी, त्याने उमेदवारालाच मत देऊ दिलं नाही. तो माणूस जनावरांचा डॉक्टर होता. मेंढीच्या पोटात पिल्लू कुठल्या अंगाने आहे हे त्याच्या हाताला कळायचं, पण समोरच्या माणसाच्या पोटात काय आहे ते कधी कळलं नाही."

लोक हसले. एफी सगळ्यात मोठ्याने हसली. मर्डो थांबला. पुढचं वाक्य त्याने घरी चार वेळा पाठ केलं होतं.

"डूगल, मी तुला घातकी म्हटलं," तो कसाबसा म्हणाला. "सगळ्यांसमोर म्हटलं. म्हणून सगळ्यांसमोर सांगतो. चूक माझी होती. मला माफ कर."

डूगल उठला. दाराकडे जाईल असं सगळ्यांना वाटलं, पण तो पुढे आला.

"आर्चीचं मला माहीत होतं," तो म्हणाला.

"काय? कधीपासून?"

"निकालाच्या दुसऱ्या दिवसापासून. रडत आला होता बिचारा. म्हणाला, डॉक्टरने मला बोलूच दिलं नाही."

"अरे गाढवा, मग चाळीस वर्षं गप्प का बसलास?"

डूगलने टोपी हातात फिरवली. "तोवर तू माझ्याशी भांडून मोकळा झाला होतास. म्हटलं, राहू दे. माझ्याशी भांडलास तर मी दोन मैलांवर राहतो. स्वतःशी भांडला असतास तर कुठं गेला असतास?"

मर्डोने खिशातून रुमाल काढला, नाक पुसलं आणि बाजूची खुर्ची पायाने पुढे सरकवली. डूगल तिच्यावर बसला.

"त्या मेंढीचं काय झालं रे पुढे?" मर्डोने खालच्या आवाजात विचारलं.

"जुळी झाली. दोन्ही जगली."

"हात चुकीचा घातला असणार तू."

"डॉक्टर निवडणूक हरण्यात गुंतले होते. काय करणार मर्ड्या?"

मर्ड्या! हे नाव चाळीस वर्षांत कुणी उच्चारलं नव्हतं.

तेवढ्यात ईश्बल उभी राहिली. पुस्तकात पराभवाचं कारण काय छापायचं ते गावानेच ठरवावं, असं ती म्हणाली. "मर्डो स्वतःच्याच अकलेने पडला, असं ज्यांना वाटतं त्यांनी हात वर करा."

सगळा हॉल हातांनी भरून गेला. एफीने तर दोन्ही हात वर केले. इतक्या एकमताने मर्डोला आयुष्यात कधी मतं पडली नव्हती. तोही खुशीत येऊन स्वतःचा हात वर करणार, इतक्यात डूगलने त्याचं मनगट धरून खाली ओढलं.

"गप बस," तो म्हणाला. "आज आपली जोडी आहे. दोघांनीही मत द्यायचं नाही."