वरच्या खुणेच्या वर

तामोत्सुने पट्टी बाहेर काढली, फडक्याने पुसली, पुन्हा आत घातली आणि पुन्हा काढली. गेली चाळीस वर्षं तो हेच करत आला होता आणि ऑइलची पट्टी त्याच्याशी कधी खोटं बोलली नव्हती. तरीही त्याने ती तिसऱ्यांदा पुसून पाहिली. दोन खुणांच्या मध्ये असायला हवं ते ऑइल वरच्या खुणेच्याही वर अर्धं बोट चढलं होतं.

वर्षभरात इंजिनातलं ऑइल थोडंफार कमी होतं, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. वाढलेलं ऑइल म्हणजे घरातली तांदळाची कोठी आपोआप भरण्यातला प्रकार.

"चिहारु, कुणी वरून ऑइल ओतलं का गं यात? पेट्रोलपंपावर वगैरे?"

"आईने? अहो मामा, तिला बॉनेट कुठून उघडतं तेसुद्धा माहीत नाही."

चिहारु त्याची भाची. थोरल्या बहिणीची, फुमिएची एकुलती एक मुलगी. दोन दिवसांपूर्वी ती चिबाहून आली होती, आईला कायमची आपल्याकडे घेऊन जायला. फुमिएला बहात्तरावं लागलं होतं, नवरा जाऊन तीन वर्षं झाली होती. गेल्या आठवड्यात तिने पोलीस ठाण्यात जाऊन आपलं लायसन परत केलं. उद्या सकाळची आगगाडी होती. तिची फिकट हिरवी छोटी मोटार शनिवारी नव्या मालकाकडे जायची होती, आणि त्याआधी मामाने एकदा नजरेखालून घालावी म्हणून चिहारु ती गॅरेजात घेऊन आली होती.

तामोत्सुने पट्टीचं टोक नाकाशी नेलं. पेट्रोलचा वास आला. मग त्याला सगळं कळलं. गाड्यांचं कळलं, म्हणजे. माणसांचं कळायला अजून पाच मिनिटं होती.

गार इंजिन सुरू करायचं, ते धड तापायच्या आत बंद करायचं, असं रोज केलं की न जळलेलं पेट्रोल हळूहळू खाली झिरपून ऑइलात उतरतं. लांबचा पल्ला मारला तर ते उडून तरी जातं. जवळच्या जवळ फिरणाऱ्या गाडीत ते साठत राहतं, पातळी वाढते आणि ऑइल पाण्यासारखं पातळ होतं. गाडीच्या पुस्तकात एक तक्ता असतो, 'कठोर वापर' नावाचा. लोकांना वाटतं, कठोर म्हणजे घाट, खडी, बेफाम वेग. तसं नाही. थंडीत दोन-तीन किलोमीटर हळूच जाऊन हळूच परत येणारी म्हातारी माणसं, हाच इंजिनाला सगळ्यांत कठोर वापर. अशा गाडीचं ऑइल निम्म्या मुदतीत बदलायचं असतं. हे तामोत्सुला वयाच्या एकोणिसाव्या वर्षापासून पाठ होतं.

त्याने दार उघडलं. दाराच्या आतल्या कडेला त्याने स्वतःच चिकटवलेला कागद होता. मागच्या वर्षी चौदा मार्चला ऑइल बदललं, तेव्हाचा आकडा ३१,२०६. पुढची तारीख, यंदाचा चौदा मार्च. समोर काट्याखाली आकडा होता ३२,०६०. वर्षभरात साडेआठशे किलोमीटर.

"एवढंसं चालवून ही गत? जायची कुठे ती?" त्याने विचारलं. "दुकान तर तिच्या दारासमोर आहे."

चिहारु त्याच्याकडे बघतच राहिली. "कुठे म्हणजे? तुमच्याकडे! रोज दहाला निघायची, सव्वादहाला घरी. मी फोन केला की म्हणायची, तामोत्सुकडे जाऊन आले."

बहिणीच्या घरापासून गॅरेजपर्यंत, नदीवरच्या पुलावरून, एक किलोमीटर चारशे मीटर. जाऊन येऊन दोन किलोमीटर आठशे. तीनशे दिवस धरले तर हिशेब चोख बसत होता. फक्त या वर्षभरात फुमिए गॅरेजात एकदाही आली नव्हती.

आता इथे तामोत्सुचं एक बिंग सांगायला हवं. त्याचं गॅरेज चालत नव्हतं. पाच वर्षांपूर्वी हमरस्त्यावर मोठं दुकान झालं. तिथे ऑइल बदलेपर्यंत फुकट कॉफी मिळते आणि पोरांना खेळायला चेंडूंचं कुंड आहे. तामोत्सुकडे उरले चार म्हातारे आणि त्यांची गवत कापायची यंत्रं. रिकामं अंगण रस्त्यावरून दिसू नये म्हणून तो स्वतःच्याच दोन गाड्या, एक पांढरी आणि एक चंदेरी, गिऱ्हाइकांना बदली द्यायला ठेवलेल्या, आलटून पालटून दारात लावायचा. एक दिवस तोंड रस्त्याकडे, एक दिवस भिंतीकडे. कधी बॉनेट उघडं टाकायचा. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्या गाडीआड खिडकीतून रस्ता दिसत नसे, पण बघायला होतं तरी काय? तो आतल्या खोलीत रेडिओ लावून बसायचा.

आणि ही मूठ त्याला सगळ्यांत जास्त झाकायची होती ती फुमिएपासूनच. बाप लवकर गेला. शिवणाच्या कारखान्यात बोटं सोलवटून घेऊन तिने त्याला मोटारदुरुस्तीच्या शाळेत घातलं होतं. पूर्वी ती दर तीन महिन्यांनी ऑइलचं निमित्त काढून यायची, बाकावर बसून चहा घ्यायची आणि म्हणायची, "आज कुणी नाही वाटतं?" तिला ते सहज सुचायचं. त्याला ते सुईसारखं टोचायचं. म्हणून मागच्या मार्चमध्ये त्याने ठोकून दिलं, "ताई, हल्लीची ऑइलं फार सुधारलीत. उगाच खेपा घालू नकोस. वर्षाने ये." आणि कागदावर तारीख लिहिली.

लिहिताना त्याला तो तक्ता आठवला होता. आठवला होता, तरी त्याने वर्ष लिहिलं.

"मामा, लोणचं तरी मिळायचं ना तुम्हाला?" चिहारु म्हणाली. "आई म्हणायची, आत जायला नाही जमलं तर टपालपेटीला अडकवून येते."

तामोत्सुने वळून दाराबाहेर पाहिलं. टपालपेटीच्या कडीला अडकवलेली पिशवी, आत धुरावर वाळवलेल्या मुळ्याचं लोणचं. वर्षभर, आठवड्याला एक. या भागात शेजारीपाजारी असंच न बोलता काहीबाही ठेवून जातात, कुणी चिठ्ठी लिहीत नाही. त्याने आपल्या मनाने ठरवून टाकलं होतं, शेजारचे तोफूवाले ओनुमा-सान. तो आभार मानायला गेला, तर ओनुमा म्हणाले, "छे छे, माझं कसलं लोणचं!" माणूस किती नम्र, असं वाटून त्याने त्यांना सफरचंदांची पेटी दिली. गोंधळलेल्या ओनुमांनी परतफेड म्हणून तोफू पाठवलं. ही देवाणघेवाण वर्षभर चालली. भला माणूस शेवटपर्यंत खरं सांगत होता आणि तामोत्सु त्याला शिष्टाचार समजत होता.

"जाऊ द्या ना मामा," चिहारु घड्याळ बघत म्हणाली. "गाडी विकलीच आहे. असेल ते स्वस्तातलं ओता."

"गप बस," तो म्हणाला, आणि मग, आवाज उतरवून, "बस जरा. मला नीट करू दे."

त्याने गाडी जॅकवर घेतली, खालचा नट सोडला. काळं, पातळ ऑइल चिळकांडी मारून खाली आलं. चांगलं ऑइल असं धावत नाही. त्याने गाळणीही बदलली. फळीवर जाडसर ऑइलचा उघडा डबा होता, पण त्याने त्याला हात लावला नाही. या इंजिनाला लागतं ते सगळ्यांत पातळ, झिरो-डब्ल्यू-ट्वेंटी. जाड ऑइल थंडीत वरपर्यंत पोचायलाच वेळ लावतं. त्याने नवा डबा फोडला, मापाच्या भांड्यात दोन लिटर सातशे घेतलं, आणि शेवटचं शंभर मागे ठेवून बाकीचं ओतलं. इंजिन चालू केलं, बंद केलं, सगळं ऑइल खाली उतरेपर्यंत दहा मिनिटं थांबला. पट्टी पुसली, घातली, काढली. मग मागे ठेवलेल्यातलं चमचाचमचा ओतत पुन्हा मोजलं. ऑइल वरच्या खुणेला टेकलं, तेव्हाच तो थांबला.

वरातीमागून घोडं, हे त्यालाही कळत होतं. पण ताईला आज सगळं सांगून टाकायचं, असं त्याने त्या दहा मिनिटांत ठरवलं. दारातली ती गाडी माझीच होती, म्हणायचं. तुला आत यायला कुणाचीच आडकाठी नव्हती, म्हणायचं. उद्या ती गेली की हे बोलायला तोंड उरणार नव्हतं.

फुमिएच्या घरात खोक्यांच्या राशी होत्या. गरम पांघरुणाचं बैठं टेबल तेवढं मांडलेलं होतं. त्यावर चहा होता आणि बशीत कापलेला मुळा.

"ये रे, ये. पाय घाल आत, गारठलास," ती म्हणाली. "तुझी तारीख हुकली बघ माझी. चौदाला होती." भिंतीवरच्या कॅलेंडरात चौदा तारखेभोवती लाल गोल होता. "वर्षभर थांबले आणि चार दिवसांसाठी गेलं. चिहारुला म्हटलं चौदानंतर नेशील का, तर हिला सुट्टी नाही."

"अगं पण ताई, तू मध्ये यायची होतीस ना."

"आले की! रोज आले. जरा पाय मोकळे, आपलं, चाकं मोकळी करायची म्हणून. पण दारात गिऱ्हाईक असायचं ना तुझ्या. कधी पांढरी गाडी, कधी चंदेरी. लोक पैसे मोजून ताटकळत असणार, आणि मी म्हातारी मध्येच जाऊन चहा ढोसत बसू?" ती हसली. "पूल उतरतानाच मान वर करून बघायची. आज तरी रिकामं आहे का. मग गाडी दिसली की आपली दारावरूनच वळवायची आणि घरी."

"ताई, ती गाडी..."

"पण खरं सांगू का, दिसली की बरंच वाटायचं." तिने कोपऱ्यातल्या देव्हाऱ्याकडे, नवऱ्याच्या फोटोकडे हात केला. "ह्यांना फार काळजी होती तुझी. मोठं दुकान झालं, आता पोराचं कसं व्हायचं, म्हणायचे. मी रोज आले की घंटी वाजवून सांगायची, आजही दारात गाडी होती हो. म्हणून तर निघवतंय मला इथून. नाहीतर तुला एकट्याला टाकून कशी गेले असते?"

तामोत्सुने मुळ्याची फोड तोंडात घातली. वर्षभर ओनुमांचा म्हणून खाल्लेला मुळा. तो चावायला त्याला बराच वेळ लागला.

"काय म्हणत होतास? कुठली गाडी?"

"तुझी गं. ऑइल बदललं. आता झकास आहे."

"खराब झालं होतं का? मी जास्त चालवली?"

"नाही. जरा पातळ झालं होतं. चूक माझी. तारीख चुकीची लिहिली होती मी. सहा महिन्यांची लिहायला हवी होती." त्याने कप खाली ठेवला. "तीनचीच."

"असू दे रे," फुमिएने त्याच्या कपात चहा ओतला. "एवढ्या गिऱ्हाइकांच्या गर्दीत एखाद्याचं होतंच असं."

चिहारु मामाकडे बघत होती. तिने अंगणातली ती पांढरी गाडी सकाळी पाहिली होती, तिच्या टपावरचं न विस्कटलेलं बर्फही पाहिलं होतं. ती काही बोलली नाही, आणि त्याबद्दल त्याला तिचे आभार मानावेसे वाटले आणि तिचा रागही आला.

दुसऱ्या दिवशी नऊ बाराच्या आगगाडीने फुमिए गेली. फलाटावर त्याने तिची पिशवी उचलून दिली. "नीट जेवत जा," ती म्हणाली. "आणि जा आता, दुकान उघडायची वेळ झाली. लोक खोळंबतील." गाडी हलेपर्यंत ती काचेतून त्याला हातानेच जा, जा, अशी हाकलत होती.

परत आल्यावर त्याने पांढरी गाडी काढून मागच्या शेडमध्ये लावली. मग चंदेरीही नेली. अंगण रिकामं झालं. खिडकीतून रस्ता दिसायला लागला, थेट पुलापर्यंत. तो बाकावर येऊन बसला तेव्हा दहाला दोन मिनिटं कमी होती.

पुलावरून दुधाची गाडी आली. शाळेची बस आली. सव्वादहा झाले तरी तो बसून होता.

ओनुमा तोफूची पिशवी घेऊन कुंपणाशी आले. मोकळ्या अंगणाकडे बघून जरा थबकले. "आज कुणी नाही वाटतं, तामोत्सु-सान?"

"नाही," तो पुलाकडे बघत म्हणाला. "आज कुणी नाही. कधीच नसतं."

हे एवढं वाक्य काल म्हणायचं होतं, आणि पुलापलीकडे म्हणायचं होतं. ओनुमांनी "छे छे, असं कसं," म्हणत मान लववली. ते त्या बोलण्याला नम्रपणा समजले होते.