मधला पडदा

मी एक जुना पडदा आहे, मित्रांनो. पण ज्यावर चित्रं हलायची तो पांढरा पडदा मी नव्हे. मी जाडाभरडा, विटकरी. रत्नागिरीच्या बंदराजवळ सिनेमाचा तंबू लागे, तेव्हा मला मधोमध टांगत. एका बाजूला बापये, दुसऱ्या बाजूला बाया. नवराबायकोसुद्धा एकत्र बसत नसत.

सिनेमा मुका होता. मधूनमधून अक्षरांच्या पाट्या येत. मचव्यावरचा खलाशी गुणाजी मला खेटून बसे आणि प्रत्येक पाटी मोठ्यानं वाची. लोक चेष्टा करत, "गुणाजी, शाळा काढलीस काय रे?" त्यांना ठाऊक नव्हतं, माझ्या पल्याड त्याची बायको सोनूबाई बसलेली असे. तिला अक्षर येत नव्हतं. घरात वडीलधाऱ्यांदेखत दोघांनी बोलायचं नाही, अशी रीत. तो तिच्याशी बोले ते इथंच, माझ्यातून.

एकदा सिनेमातल्या सुनेच्या तोंडची पाटी आली आणि गुणाजी गप्प झाला. शेजारी त्याचे वडील, आप्पा, बसले होते. पलीकडून माझ्यावर एक तळवा टेकला.

"गुणाजी, वाचा की. काय म्हणते ती?"

बायकोनं चारचौघांत नवऱ्याचं नाव घेतलं होतं. बायांनी पदर तोंडाला लावले. गुणाजीनं एकेक शब्द सुटा करून वाचला, "मामंजींसमोर तुम्ही माझ्याशी का बोलत नाही?"

दुसऱ्या दिवसापासून आप्पांनी सुनेचा सिनेमा बंद केला. गुणाजी येत राहिला. पलीकडे रिकामी जागा, तरी वाचत राहिला. मी ऐकत होतो. पण पडद्याला हुंकार देता येत नाही.

मग सिनेमाच बोलू लागला. वाचणाऱ्याची गरज सरली, हळूहळू माझीही. नवराबायको शेजारी बसू लागली. तंबूवाल्याकडून गुणाजीनं मला मागून घरी नेलं. ओटीवर आप्पा सुपारी कातरत होते. त्यांच्यादेखत तो म्हणाला,

"सोनू, हा घे. याची वाकळ शिव."

अडकित्ता थांबला. थोड्या वेळानं पुन्हा चालू लागला.

शिवताना सोनूबाई गुणगुणत होती :

*पडद्याच्या दोन बाजू, टाके घालिते मी बाई,*
*ऐलाड नि पैलाड, आता उरलंच नाही.*

गुणाजी आधी गेला. म्हातारपणी सोनूबाई माझ्या झिजल्या जागेवरून तळवा फिरवत पुटपुटे, "काय म्हणते ती?" वाचून दाखवणारं कुणी नव्हतं.

आता मी माळ्यावर आहे. खाली तिची पणती नम्रता आणि तिचा नवरा विनीत एकाच कोचावर बसतात. हातात आपापला मोबाइल, कानांत आपापला आवाज. मध्ये पडदा नाही. नम्रता कधी एकटीच हसते, कधी डोळे पुसते. विनीतला कळत नाही.

मित्रांनो, मला कसर लागली आहे. झटकून उन्हात घातलंत तर बरं वाटेल. पण त्याआधी कानातलं काढा आणि शेजारी बसलेल्या माणसाला एकदा विचारा, काय म्हणते ती?