कवडशाची दिनदर्शिका

मित्रांनो, मी एक जुनी दिनदर्शिका आहे, पण मला कागद नाही, खिळा नाही, की वर देवाचं चित्रही नाही. नगर जिल्ह्याच्या पूर्वेला, पाथर्डीच्या अंगाला, एका धाब्याच्या घरात माझा जन्म झाला. अशा घराच्या मातीच्या छपराला उजेडासाठी एक भोक ठेवतात. त्याला साणं म्हणतात. भर दुपारी त्यातून भाकरीएवढा कवडसा आत पडतो. थंडीत तो भिंतीवर उंच असतो. ऊन तापू लागलं की खाली उतरतो, जमिनीवरून पुढे सरकतो आणि उन्हाळा संपला की आल्या वाटेने परत फिरतो. घरधनीण बायडाबाईने त्याची ही चाल हेरली आणि भिंतीवर गेरूची बोटं ओढून मला घडवलं.

माझ्या महिन्यांची नावंही तिचीच. कवडसा खुंटीवर असला की खुंटीचा महिना. मग दिवळीचा, म्हणजे दिवा ठेवायच्या कोनाड्याचा. भिंतीवरून उतरला की उखळाचा आणि त्याच्या पुढे जात्याचा. पावसाळ्यात ढगांमुळे कवडसा पडतच नसे, म्हणून तो आंधळा महिना. गावातल्या बाया मला विचारायला येत. पापड कधी घालायचे, लेकीला कधी आणायचं, सगळं माझ्यावरून ठरे. बायडाबाई मोठ्या तोऱ्यात सांगायची, "माजी भित खोटं बोलत न्हाई." मीही मग जरा फुशारून जायचे.

मला पहिला हादरा बसला तो बहात्तर साली. आंधळा महिना लागला आणि कवडसा रोज लख्ख पडत राहिला! एकही ढग नाही. मी हबकूनच गेले. बायडाबाई डोक्याला हात लावून जमिनीवरच्या त्या उजेडाकडे बघत बसायची. असलं ऊन तिने त्या दिवसांत कधी पाहिलं नव्हतं.

त्याच दिवसांत तिच्या सुनेला, चांगुणाला, दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी, ही रीत. पण तिच्या माहेरी प्यायला पाणी नव्हतं, म्हणून तिला लवकर धाडता येईना. बायडाबाईने माझ्यावरून हिशेब केला आणि सांगितलं, "जात्याला कवडसा टेकला की तुला माहेरी धाडते."

थंडीत बायडाबाई बैल घेऊन गुरांच्या चारा-छावणीवर राहायला गेली. तिच्या मागे घरी साण्याजवळची तुळई वाळवीने खाल्ली. बायडाबाईचा मुलगा, चांगुणाचा नवरा आसाराम छपरावर चढला, त्याने जुनं साणं बुजवलं आणि माझ्या भिंतीच्या बाजूला नवं पाडलं. खालून चांगुणा म्हणाली, "आवं, साणं सरकलं की!"

"हातभर सरकलं, त्यानं काय हुतंय?" म्हणत तो खाली उतरला आणि दुसऱ्या दिवशी लांबच्या तळ्याच्या कामावर निघून गेला.

काय होतंय? अरे देवा! साण्याबरोबर माझा कवडसाही हातभर मागे गेला, म्हणजे मी जवळजवळ महिनाभर मागे पडले. मला तोंड असतं तर मी ओरडले असते.

बायडाबाई परत आली. तिने कवडसा पाहिला आणि निर्धास्त झाली. "आजून लई दिस हायत," म्हणाली. छपराकडे तिने मान वर करून पाहिलंच नाही, आणि नवऱ्याच्या बोलण्यावरून चांगुणाच्याही ते मनातून गेलं होतं.

पुढे उन्हाळ्याच्या तोंडाला एका सकाळी चांगुणा कंबर धरून उभी राहिली. "आत्याबाई, कळा यायल्यात."

"खोट्या कळा हायत त्या. कवडसा उखळाच्या पुढं सरकला न्हाई आजून. पडून ऱ्हा जरा." एवढं बोलून बायडाबाई डोक्यावर पाटी घेऊन रस्त्याच्या दुष्काळी कामावर खडी फोडायला गेली.

सून समोर कळवळतेय आणि ही बाई माझ्याकडे बोट दाखवते? माझ्याकडे?

दुपार झाली. चांगुणाला उठवेना. तिने हाका मारल्या, पण सगळं गाव कामावर गेलेलं. शेवटी ती सरपटत हंड्यापर्यंत गेली आणि पळीने तो बडवू लागली. हंडा रिकामा होता, म्हणून त्याचा आवाज पार रस्त्याच्या कामापर्यंत गेला. दगडाबाई सुईण हातोडी टाकून धावली. तिच्यामागे बायडाबाई.

दगडाबाईने पोटाला हात लावला आणि ती कडाडली, "बायडे, दिस कवाच भरल्यात हिचं! डोळं फुटलं व्हतं का तुजं?"

"पर कवडसा..." बायडाबाईने वर पाहिलं. बुजवलेल्या साण्याची नवी माती तिला दिसली आणि तिने धावत जाऊन सुनेचं डोकं मांडीवर घेतलं.

पोर आली ती निळी पडलेली. नाळेचा वेढा गळ्याला. रडेना. दगडाबाईने वेढा काढला, पाठ चोळली, पाय धरून उलटी केली. किती वेळ गेला कोण जाणे, आणि पोरीने टाहो फोडला.

बायडाबाई रडत सुनेचे पाय धरू लागली. "माजी भित खोटं बोलली गं!"

चांगुणा अगदी हळू आवाजात म्हणाली, "मी खरं बोलत हुते की, आत्याबाई. मला कुठं इचारलं?"

 

बारावा दिवस झाला. बायडाबाईने शेण कालवलं आणि खुंटीपासून खालपर्यंत माझ्यावर पोतेरं फिरवलं. तेव्हापासून मी या भिंतीत गाडलेली आहे. कवडसा अजून रोज माझ्यावरून जातो, पण त्याला कोणी काही विचारत नाही. मित्रांनो, जुन्या वस्तू आपल्याला जपा म्हणून विनवतात. मी तसं विनवणार नाही. दिवस मोजायला माझ्यासारख्या दुसऱ्या पुष्कळ मिळतील. पण तुमच्या घरात कोणी लेक-सून दुखतंय म्हणाली, तर कृपा करून माझ्याकडे बघायला येऊ नका. आधी तिच्याजवळ बसा.