लिंबातली ढोली

रामकिसन खुरपं घेऊन शिडीच्या वरच्या पायरीवर पोचला. कडुलिंबाच्या ढोलीचं तोंड चिखलानं लिंपलेलं होतं. मधल्या बोटभर फटीतून एक चोच तेवढी हलत होती.

"आई, कुण्या नालायकानं पाखरू कोंडलंय बघ. मरंल की बिचारं!"

तुळजाबाईंच्या सकाळपासून येरझारा चालल्या होत्या, ओसरीवरून अंगणात, अंगणातून ओसरीवर. परतूरवरून जाणारी जालन्याची एसटी अकराची. परतूरच्या दवाखान्यात नर्स म्हणून रुजू व्हायची लेकीची, दैवशालाची, आज शेवटची तारीख. आणि दैवशाला मागच्या खोलीत. रविवारी पाव्हणे बघून जाईपर्यंत ती कुठं जायची नाही, असं म्हणून काल याच रामकिसननं, तिच्या भावानं, बाहेरून कडी घातली होती.

"उतर खाली," तुळजाबाई म्हणाल्या. "कुणी न्हाई कोंडलं तिला."

एवढ्यात नर आला. राखाडी, लांब शेपटीचा, चोचीवर काळं शिंग. माणूस बघून शेंड्यावरच अस्वस्थ सरकत राहिला.

"धनेश हाय तो. डोंगराकडं, माझ्या माहेरच्या रानात लई होते. रान गेलं, मंग गावातल्या झाडांवर येऊन राह्यले. मादी ढोलीत बसती अन् आतून आपणच दार लिंपती. नर तिला फटीतून चारतो."

"आपणच कोंडून घेती? येडी का काय!"

"पिल्लं जरा मोठी झाली की आपणच फोडून येती. मी लहानपणी असंच दया येऊन दार फोडलं होतं. गेली उडून. अंडी थंड पडली."

रामकिसन उतरला. नर लगेच ढोलीशी आला आणि गळ्यातून एकेक उंबर काढून फटीत सरकवू लागला.

"म्हंजी तिची मर्जी हाय," रामकिसन हसला. "मंग बराबर."

तुळजाबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. त्याचं लक्ष पाखराकडे होतं.

"लाईट आली असंल. मोटार चालू करून येतो," म्हणत तो मळ्याकडे निघून गेला.

तुळजाबाई मागच्या खोलीशी गेल्या. सकाळी दाराखालून सरकवलेली भाकरी तशीच बाहेर ढकललेली होती. त्यांनी आवाज न करता कडी काढली.

"दैवशाला, कडी काढलीय," त्या फटीशी वाकून म्हणाल्या. "दार तू उघड."

मग अंगणात येऊन, मळ्याच्या वाटेकडे तोंड करून त्या उभ्या राहिल्या.